कुलूपवाल्या वहिनींचं काय करायचं

रविवारी जेवणं उरकली आणि सासूबाईंनी सगळ्यांना खाली कारखान्यात बसायला सांगितलं, तेव्हाच धाकट्या सुनेने ओळखलं की आज आपली धडगत नाही. वर चांगला दिवाणखाना असताना हे घर खाली जमायचं ते फक्त भांडायला. तिथे बसायला जागा भरपूर. दुरुस्तीला आलेले गिऱ्हाइकांचे सोफे कायम पडलेले असायचे, काही उसवलेले, काही नुसते लाकडी सांगाडे, आणि घरातल्या प्रत्येकाने त्यातल्या त्यात मऊ जागा धरलेली असायची. वाटण्यांचा विषय निघाला होता तो इथेच. वन्संचं लग्न मोडता मोडता राहिलं तेही इथेच, आणि त्या दिवशी भावोजींनी, म्हणजे धाकटीच्या थोरल्या दिरांनी, तावातावाने उठताना एका डॉक्टरांच्या नव्याकोऱ्या कोचाला कात्री लावली होती.

गुन्हा तसा शाबीत झालेलाच होता. गेली तीन वर्षं दर रविवारी दुपारी तीन वाजता रेडिओवर ‘भट्टीवरची माणसं’ नावाची मालिका लागायची. एका बेकरीवाल्या कुटुंबाची गोष्ट होती, पंचवीस मिनिटांची. सगळं शहर ती ऐकायचं. या घरातही सासूबाई, भावोजी, काका सगळे कानात प्राण आणून ऐकायचे, आणि नंतर आठवडाभर त्या बेकरीवाल्यांवर तोंडसुख घ्यायचे. ती मालिका आपल्याच घरात लिहिली जाते हे मात्र एका थोरल्या जावेशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं. धाकटीच्या नवऱ्याला बायको रेडिओसाठी काहीतरी लिहिते एवढं माहीत होतं. काहीतरी म्हणजे काय, हे त्याने विचारलं नव्हतं. माणूसच तसा होता.

धाकटीने आपल्या परीने खबरदारी घेतली होती. नाव माहेरचं लावलं होतं, आणि सोफ्यांच्या जागी पाव घातले की कुणाच्या बापाला कळायचं नाही, असं तिचं पक्कं मत होतं. घात केला खिळ्यांनी. सोफ्याला कापड ठोकणारा माणूस मूठभर बारीक खिळे तोंडात धरतो, जिभेने एकेक पुढे सारतो आणि बोलायची वेळ आलीच तर ओठांच्या कोपऱ्यातून बोलतो. भावोजी तसेच बोलायचे, त्यांच्या आधी सासरे तसेच बोलायचे, आणि लग्न होऊन आल्यापासून बारा वर्षांत धाकटीने या घरातला एकही महत्त्वाचा निर्णय खिळ्यांशिवाय ऐकला नव्हता. म्हणून तिच्या बेकरीतला थोरला भाऊही रागावला की आधी तोंडातले खिळे काढायचा आणि मग ओरडायचा. तिला त्यात काही वावगं वाटलंच नाही. पुरुष रागावला की तोंडातून खिळे काढतो, हे तिच्या डोक्यात इतकं पक्कं बसलं होतं.

दीडशे भाग हे असंच चाललं. दीडशेव्या भागाच्या निमित्ताने रेडिओवाल्यांनी श्रोत्यांची पत्रं वाचायची टूम काढली. त्यात एका खऱ्याखुऱ्या बेकरीवाल्याने अगदी नम्रपणे विचारलं होतं, की आमच्या धंद्यात तोंडात खिळे धरत नाहीत, धरले तर दुसऱ्या दिवशी गिऱ्हाईक उरणार नाही, तरी हा काय प्रकार आहे. निवेदक पोट धरून हसला आणि सगळ्या शहराला ऐकू जाईल असं म्हणाला, की आमच्या लेखिकाबाई सोफेवाल्यांच्या घरच्या सून आहेत, चुकून राहून गेलं असेल. शहरात सोफेवाले तीन. त्यातल्या एकाला मुलीच होत्या आणि दुसऱ्याची सून आदल्या महिन्यात आली होती.

हे झाल्याला आठ दिवस झाले होते, आणि आज घराला जाब विचारायला सवड मिळाली होती.

खरं सांगायचं तर धाकटीला सासूबाईंची भीती नव्हती, भावोजींचीही नव्हती. फार तर काय, चार दिवस ताट आपटून वाढतील. तिला धास्ती होती ती थोरलीची. त्या पत्रांच्या रविवारी, कधी नव्हे ते, थोरली पदराला हात पुसत येऊन रेडिओजवळ बसली होती. एरवी ती वेळ तिची भांडी घासायची. तिने तीन वर्षांत मालिकेचा एकही भाग ऐकला नव्हता. पत्रं वाचणार म्हणून कौतुकाने बसली आणि ऐकलं ते काय, तर एकामागून एक अकरा पत्रं, सगळी कुलूपवाल्या वहिनींबद्दल. ही वहिनी म्हणजे बेकरीवाल्यांची थोरली सून. गच्चीला लागून असलेल्या खोलीला कुलूप लावते, किल्ली कमरेला बाळगते, सासूचे दागिने आत दडवते आणि कुणाला उंबऱ्याशी फिरकू देत नाही. पत्रं लिहिणाऱ्यांनी तिचा उद्धार केला होता. एका आजीबाईंनी तर तिला भट्टीत घालावी असं सुचवलं होतं, आणि खाली ‘आपली कृपाभिलाषी’ म्हणून सही केली होती.

थोरली उठून आत गेली. तेव्हापासून तिने धाकटीशी एक शब्द काढला नव्हता. बारा वर्षं त्या दोघी एका चुलीपाशी उभ्या राहिल्या होत्या, एकीचं दुखलं की दुसरीने तिच्या वाटणीचं काम उचललं होतं. धाकटीला सख्खी बहीण नव्हती आणि या घरात आल्यावर ती असायला हवी होती असंही कधी वाटलं नव्हतं. आठ दिवसांत तिला जेवण गेलं नव्हतं.

“मी काही बोलत नाही,” असं म्हणून सासूबाईंनी सुरुवात केली आणि मग वीस मिनिटं बोलल्या.

घरातलं सगळं चव्हाट्यावर आलं, समोरच्या शिंपिणीने परवा आपल्याकडे बघून मान हलवली, याच दिवसासाठी आपण संसार केला का, असं सगळं झालं. वन्सं त्यांच्या बाजूला बसून प्रत्येक वाक्याला हुंकार भरत होत्या. वन्सं रक्त तपासायच्या लॅबमध्ये होत्या, त्यांचं सासर दोन गल्ल्या पलीकडे, आणि दर रविवारी त्या माहेरी यायच्या. काकांनी, म्हणजे सासऱ्यांच्या धाकट्या भावाने, कोर्टात तीस वर्षं टायपिस्ट म्हणून काढली होती. त्यांनी चष्मा लावून अब्रूनुकसानीचा मुद्दा मांडला. भावोजी सवयीने एका स्टुलाला कापड ठोकत होते. ते म्हणाले, की बदनामीचं आपण नंतर बघू, पण धंद्याचं ज्ञान इतकं कच्चं असावं याचं त्यांना वाईट वाटतं.

धाकटी मान खाली घालून एका स्प्रिंग निघालेल्या खुर्चीत बसली होती. सगळं ऐकून घ्यायचं, माफी मागायची, मालिका बंद करायची, असं तिने ठरवलं होतं. तेवढ्यात सासूबाई जरा मऊ आवाजात म्हणाल्या, की बाकी काही असो, त्या शेजारच्या मास्तरीणबाईंच्या रूपाने आपल्याला दाखवलंय ते मात्र चांगलं जमलंय.

धाकटीने मान वर केली. मास्तरीणबाई मालिकेत महिन्यातून एकदा यायच्या, शांतपणे चार शहाणपणाचे शब्द बोलायच्या आणि जायच्या. त्या कुणावरूनही बेतलेल्या नव्हत्या. रेडिओतल्या साहेबांच्या मावशीला नाटकात काम करायची हौस होती, म्हणून त्यांना घालावं लागलं होतं.

“आणि ती कटकटी म्हातारी म्हणजे आमच्या थोरल्या जाऊबाई,” सासूबाई म्हणाल्या. “गेल्या बिचाऱ्या, पण हुबेहूब उतरवल्यास हो. प्रत्येक वाक्याला ‘मी काही बोलत नाही’. माझे तर कान किटले होते.”

भावोजींचा हातोडा तेवढा एकदा वाजला.

मग काकांनी घसा साफ करून सांगितलं, की नवव्या भागात वारलेले धीरगंभीर आवाजाचे मोठे मालक, जे सगळ्यांना आठवणींत येऊन मार्ग दाखवतात, ते आपण, हे त्यांच्या पहिल्याच दिवशी लक्षात आलं होतं. आपण हयात असताना वारल्याचं दाखवलं याबद्दल त्यांची तक्रार नव्हती. भावोजींना हे मान्य नव्हतं. मोठे मालक म्हणजे ते स्वतः. कारागिरीबद्दल मालक जे जे बोलतात ते शब्दन्‌शब्द आपलं आहे, काकांनी उभ्या आयुष्यात कधी खिळा ठोकलाय का. दोघे मिनिटभर या मृताच्या मालकीवरून भांडले. मग भावोजी म्हणाले, की बाकी सगळे ओळखू आले, फक्त तो तोंडात खिळे घेऊन बोलणारा तापट भाऊ कोण हे त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. हे ते तोंडात खिळे धरून म्हणाले.

इथून बैठकीचा तोल गेला. दर रविवारी माहेरी येऊन जाताना हटकून काहीतरी घेऊन जाणारी बेकरीवाल्यांची मुलगी कोण, हे सासूबाईंनी वन्संना तोंडावर सांगितलं. वन्संनी आजही जाताना न्यायची एक फोमची उशी दाराशी काढून ठेवली होती. त्यांनी ती हळूच सोफ्यामागे सरकवली आणि मग आईला सांगितलं की ती कटकटी म्हातारी काकू नसून तू आहेस. सासूबाईंनी काकांकडे दाद मागितली, काकांनी साक्ष फिरवली, वन्सं उठून धाकटीच्या बाजूला येऊन बसल्या. पाच मिनिटांपूर्वी अब्रू गेली म्हणणारी बाई आता म्हणायला लागली, की लिहिणाऱ्याने खरं लिहायचं नाही तर काय करायचं. शिवाय त्यांच्या शेजारच्या घरात सध्या जे चाललंय ते ऐकलं तर पुढची दोन वर्षं मालिकेला काही कमी पडणार नाही, असंही त्यांनी सांगून ठेवलं.

धाकटी हे बघत राहिली. तीन वर्षांत तिच्याकडे पोतंभर पत्रं आली होती, आणि प्रत्येकात एकच वाक्य असायचं, की तुम्ही आमच्याच इमारतीत राहता का. लोकांना पुढे काय होणार याच्याशी फार कर्तव्य नव्हतं. आपली सासू, आपला मेहुणा, आपली ती तिरपं बोलणारी मावशी या आठवड्यात काय करते, ते ऐकायचं होतं. आणि पत्र लिहिणारा प्रत्येक जण, न चुकता, गोष्टीतला सोसणारा माणूस होता. छळणारा कधीच कुणी नव्हता. इतक्या सोसणाऱ्या माणसांना छळतं तरी कोण, असं तिला कधीकधी वाटायचं.

या गदारोळात तिचा नवरा पहिल्यांदा बोलला. “मी कोण आहे त्यात?”

“तुम्ही बोटीवर आहात,” धाकटी म्हणाली.

“कधीपासून?”

“चौथ्या भागापासून. नोकरीला गेलात. अधूनमधून पत्र येतं.”

त्याने यावर बराच विचार केला. “बरं चाललंय का माझं तिकडे?” त्याने विचारलं, आणि धाकटीला आठ दिवसांत पहिल्यांदा हसू आलं.

शेवटी घरातली माणसं ज्या एका गोष्टीवर एक झाली, ती म्हणजे कुलूपवाल्या वहिनी. त्या कोण, यावर मतं निराळी होती. सासूबाईंच्या मते त्या तरुणपणच्या त्यांच्या थोरल्या जाऊबाई, वन्संच्या मते त्यांची स्वतःची सासू, काकांना त्यांत आपली मेहुणी दिसत होती आणि भावोजींना गिरणीसमोरच्या दुसऱ्या सोफेवाल्याची बायको. प्रत्येकाकडे आपापली एक होती, आणि तिला आता संपवायला हवं यावर सगळ्यांचं एकमत होतं. धाकटीला माफी हवी असेल तर तिने एवढं करावं, असा ठराव पुढे आला. काकांनी जिन्यावरून पडून मृत्यू सुचवला. भावोजी भट्टीच्या बाजूने होते. वन्संनी एका सावकाश जाणाऱ्या आजाराची लक्षणं सांगायला घेतली, ती इतकी सविस्तर होती की सासूबाईंनी त्यांना थांबवलं. मग हात वर झाले.

थोरली तेव्हा चहाचा ट्रे घेऊन जिन्यावरून खाली येत होती. कुलूपवाली कोण, या शोधात या घराने जिवंत आणि मेलेली अशी चार माणसं धुंडाळली होती. समोर चहा देणाऱ्या बाईकडे एकाचंही लक्ष गेलं नव्हतं. एकोणीस वर्षं तिच्या कमरेला एक किल्ली होती, आणि ती कुणाला दिसली नव्हती.

“तुझं काय मत गं?” सासूबाईंनी कप घेता घेता तिला विचारलं.

थोरलीने धाकटीपुढे ट्रे धरला. “मारून टाक,” ती म्हणाली. “उगाच लांबवू नकोस.”

आठ दिवसांनी ती बोलली होती, आणि बोलली ते हे. धाकटीने कप घेतलाच नाही. बाकीच्यांनी ठराव मंजूर झाला असं समजून चहा प्यायला घेतला.

धाकटी तिच्या मागोमाग वर स्वयंपाकघरात गेली. थोरली कप विसळत होती. धाकटी फडकं घेऊन शेजारी उभी राहिली. काय बोलावं ते तिला सुचेना, तीन वर्षं आठवड्याला चाळीस पानं लिहिणाऱ्या बाईला.

“ताई, ती तुम्ही नाही,” ती शेवटी म्हणाली.

“या घरात किल्ली कमरेला कोण लावत होतं?”

धाकटीने पुसलेलाच कप पुन्हा पुसला.

“वाईट दाखवलंस त्याचं मला काही नाही,” थोरली म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, ती कपाच्या कानातला डाग काढत होती. “गोष्टीत एक वाईट लागतंच, नाहीतर ऐकणार कोण. पण मला एक सांग. मी त्या खोलीत काय करत होते, असं तुला वाटलं?”

धाकटीने खरं काय ते सांगितलं. तीन वर्षांपूर्वी ती याच स्वयंपाकघरात पिठाच्या डब्यावर वही ठेवून लिहायची. एका दुपारी थोरलीने कमरेची किल्ली काढून तिच्या वहीवर ठेवली होती आणि म्हणाली होती, की वरच्या खोलीतला पंखा हळू चालतो, पण चालतो. बाकी काही विचारलं नव्हतं. धाकटी उत्सुकतेने वर गेली. इतकी वर्षं कुलपात ठेवलेली खोली, आत काय काय असेल. आत एक चटई होती आणि एक उशी. तिचा अगदी विरस झाला. म्हणून गोष्टीत तिने दागिने घातले.

“काही करत नव्हते मी,” थोरली म्हणाली. “दोन वाजता सगळे आडवे झाले की वर जायचे, आतून कडी लावायचे आणि बसायचे. चार वाजता खाली यायचे. कधी डोळा लागायचा, कधी नाही. या घरात पाच खोल्या आहेत. त्या खोलीशिवाय एकीला तरी आतून कडी आहे का, बघ. बाथरूमला आहे, पण तिथे गेलं की दोन मिनिटांत कुणीतरी दार वाजवतं आणि विचारतं, हे कुठे आहे, ते कुठे आहे. एकोणीस वर्षं मी ते दोन तास राखले होते. कुणी आत येऊ नये म्हणून कुलूप. मग तू डब्यावर वही ठेवून लिहिताना दिसलीस. मला वाटलं, हिला माझ्यापेक्षा जास्त गरज आहे.”

“तुम्ही सांगितलं नाहीत मला.”

“तू विचारलं नाहीस.” थोरलीने नळ बंद केला. “खाली बसलेत त्यांच्याकडून माझी अपेक्षा नव्हती. पण तू गोष्टी लिहितेस ना. तू तरी विचारशील, असं वाटलं होतं.”

धाकटीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कुणी दोन थोबाडीत दिल्या असत्या तर बरं, असं तिला वाटलं. माफ करा म्हणायला तिने तोंड उघडलं, पण थोरली फडकं तिच्या हातातून घेऊन, वाळत घालून, निघून गेली होती.

त्या आठवड्यात धाकटी वरच्या खोलीत लिहायला गेली नाही. तिची हिंमत झाली नाही; किल्ली तिने पिठाच्या डब्यावर परत ठेवून दिली होती. खाली कारखान्यात एका सोफ्याच्या सांगाड्यावर फळी टाकून तिने लिहिलं, भावोजींच्या ठोकाठोकीत, आणि पहिल्यांदा तिने दागिने, कारस्थानं काही घातलं नाही. थोरलीने जे सांगितलं तेच धरून लिहिलं. भीती एवढीच होती, की हेही थोरलीला न विचारता केलेलं होतं. पण विचारायला गेली तर थोरली नको म्हणेल हे तिला ठाऊक होतं, आणि सगळ्या शहरासमोर केलेली चूक स्वयंपाकघरात माफी मागून निस्तरता येत नाही, हेही.

बुधवारी रेडिओवर ध्वनिमुद्रण होतं. साहेबांनाही वहिनींचा मृत्यूच हवा होता, लोकांची तशी मागणी होती. आवाज काढणाऱ्या माणसाने तर जिन्यावरून पडण्याची तयारी म्हणून बटाट्यांचं अर्धं पोतं आणून ठेवलं होतं. धाकटीची पानं वाचून साहेब कपाळाला आठ्या घालून म्हणाले, की यात काही घडतच नाही. वहिनींचं काम करणारी बाई पलीकडे बसली होती. दोन वर्षं भाजीवाली तिला मुद्दाम सडके टोमॅटो देत होती. तिने पानं घेतली, उभ्या उभ्या वाचली, परत पहिल्यापासून वाचली आणि साहेबांना म्हणाली, हे होणार नसेल तर पुढच्या आठवड्यापासून दुसरी वहिनी शोधा. बटाटे परत गेले.

रविवारी तीन वाजता सगळे वर दिवाणखान्यात रेडिओभोवती बसले. वहिनी कशी मरते ते ऐकायला वन्सं नवऱ्यालाही न सांगता लवकर आल्या होत्या. थोरली भांडी घासत होती. धाकटी आत गेली आणि म्हणाली, “ताई, आज एवढं ऐका. नंतर आयुष्यभर बोलू नका माझ्याशी.” थोरलीने तिच्याकडे बघितलं, हात पुसले आणि येऊन दाराजवळ बसली.

बेकरीवाल्यांनी त्या दिवशी कुलूप फोडलं. सगळं कुटुंब जिन्यात जमलं होतं, पुढे म्हातारी, मागे खिळेवाला भाऊ. दार उघडलं तर आत चटई आणि उशी. दागिने कुठे आहेत म्हणून सगळ्यांनी वहिनीला घेरलं. तेव्हा ती बोलली. रडली नाही, ओरडली नाही. दोन ते चार मी इथे बसते, म्हणाली. मला कुणी हाक मारू नये म्हणून बसते. या घरात मला दिवसातून किती वेळा हाक मारतात, कुणी कधी मोजलंय का. मी एकदा मोजल्या होत्या. एकशे सहा. त्यातली एकही, तू कशी आहेस हे विचारायला नव्हती.

संपलं तेव्हा दिवाणखान्यात कुणी रेडिओ बंद करायला उठलं नाही. भावोजींनी तोंडातले खिळे काढून हातात धरले होते. सासूबाईंच्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या.

“बिचारी,” त्या म्हणाल्या. “आपण तिला काय काय बोललो. इतकी वर्षं एका घरात राहून एकालाही दिसू नये? आंधळी माणसं मेली.” वन्संनीही नाक ओढलं. काका म्हणाले, की अशा घरच्यांवर खटला भरायला हवा. मग सासूबाईंनी पदराने डोळे कोरडे केले आणि मागे न बघता म्हणाल्या, “थोरले, चहा टाक गं.”

थोरली उठली. स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेली आणि तिथे थांबली.

“आज तुम्ही करून घ्या,” ती म्हणाली. “मी वर चालले आहे.”

ती जिना चढून गेली. पावलं डोक्यावरून गेली, दार लागलं, आणि आतून कडी सरकल्याचा आवाज खाली सगळ्यांना स्वच्छ ऐकू आला. सगळ्यात आधी कळलं ते धाकटीच्या नवऱ्याला. त्याने छताकडे पाहिलं, मग बायकोकडे पाहिलं, आणि हलकेच म्हणाला, “वहिनी?”

धाकटीने मान हलवली.

“मला वाटायचं, ती वर कपडे वाळत घालायला जाते,” भावोजी म्हणाले.

“दोन तास?” वन्संनी विचारलं.

हातातल्या खिळ्यांचं काय करावं हे न कळल्यासारखे भावोजी बसून राहिले. सासूबाईंनी बोलायला तोंड उघडलं आणि या घरात पहिल्यांदाच काही न बोलता मिटलं.

धाकटी वर गेली. बंद दारासमोर ती जरा वेळ उभी राहिली. वाजवायचं तिच्या जिवावर आलं होतं, म्हणून तिने वाजवलं नाही. पण पायांचा आवाज आत गेला असावा.

“तुझे कागद तिथेच आहेत, हलवलेले नाहीत,” आतून थोरली म्हणाली. “दोन ते चार माझे. चारनंतर तू येत जा.”

“बरं,” धाकटी म्हणाली.

“आणि ऐक. तिला मारलंस तर बघ.”

धाकटी डोळे पुसत खाली आली, तेव्हा स्वयंपाकघरात पाच माणसं उभी होती आणि चहाची पूड कुठे असते हे त्यांतल्या एकालाही माहीत नव्हतं.